चीनचा परराष्ट्रमंत्री नेमका किती मोठा? (हुआंग हुआ ते किआन किचेन, १९७१ ते १९९७)

रेशीमवाट

२५ मे १९८४. बीजिंगच्या ग्रेट हॉलमध्ये हाँगकाँग-मकावचे प्रतिनिधी चीनचे त्या वेळचे सर्वोच्च नेते डेंग झियाओपिंग यांना भेटायला आले होते. फोटो काढून पत्रकार बाहेर पडत होते, तेवढ्यात डेंगनी त्यांना परत बोलावून घेतलं. १९९७ ला ब्रिटनकडून हाँगकाँग परत मिळाल्यावर तिथे चिनी सैन्य ठेवायची गरज नाही, असं विधान हुआंग हुआ आणि गेंग बियाओ यांच्या नावावर छापून आलं होतं. डेंगनी त्याला सगळ्यांसमोर 'हू श्वो पा ताओ' म्हटलं. म्हणजे निव्वळ बरळणं. हे केंद्राचं मत नाही, हाँगकाँग चीनची भूमी आहे तर तिथे सैन्य का ठेवायचं नाही, असंही सुनावलं.

आता ही दोन माणसं कोण? हुआंग हुआ १९७६ ते १९८२ परराष्ट्रमंत्री. गेंग बियाओ माजी संरक्षणमंत्री. त्या दिवशीही दोघे चिनी संसदेच्या स्थायी समितीचे उपाध्यक्ष होते.

आपल्याकडच्या लिखाणात 'चीनचे परराष्ट्रमंत्री म्हणाले' असं वाक्य आलं की आपण तो माणूस आपल्या परराष्ट्रमंत्र्याच्या तोलाचा धरतो. या प्रसंगावरून तरी तसं दिसत नाही. म्हणून प्रश्न असा: संयुक्त राष्ट्रांत प्रवेश (१९७१) ते हाँगकाँगचं हस्तांतरण (१९९७) या काळातली चिनी मुत्सद्देगिरी वाचताना कोणाच्या शब्दाला किती वजन द्यायचं? हुद्दा बघायचा, की माणूस, की आणखी काही? जाणकारांनी तपशिलात लिहावं. 'शेवटी सगळं डेंगच ठरवायचे' एवढ्यावर कृपया थांबू नका.

बखर_वाचक

चांगला विषय. सरकारी खुर्ची आणि कम्युनिस्ट पक्षातली पायरी या दोन निराळ्या गोष्टी आहेत, आणि वजन येतं ते पायरीवरून. पायऱ्या खालून वर अशा: मध्यवर्ती समिती, पॉलिट ब्यूरो, पॉलिट ब्यूरोची स्थायी समिती.

याच पट्टीवर परराष्ट्रमंत्री ठेवून बघा. चौ एन लाय १९४९ ते १९५८ पंतप्रधान आणि परराष्ट्रमंत्री एकाच वेळी, शिवाय पक्षात अगदी वर. चेन यी १९५८ ते १९७२: उपपंतप्रधान, सेनेचे मार्शल, पॉलिट ब्यूरोत. त्यांच्यानंतर पायरी घसरली. जी पेंगफेई (१९७२–७४), छ्याओ ग्वानहुआ (१९७४–७६), हुआंग हुआ (१९७६–८२) हे तिघेही मध्यवर्ती समितीपर्यंतच. हुआंग हुआ उपपंतप्रधान झाले, पण पॉलिट ब्यूरोत गेले नाहीत. वू शुएच्येन (१९८२–८८) यांना १९८५ साली पॉलिट ब्यूरोत जागा मिळाली. किआन किचेन १९८८ ला मंत्री झाले, १९९२ ला पॉलिट ब्यूरोत आले, १९९३ ला उपपंतप्रधान. मंत्रीपद १९९८ ला तांग जियाशुआन यांच्याकडे गेलं, तरी परराष्ट्र व्यवहारातला वरचा शब्द २००३ पर्यंत किआन यांचाच राहिला.

म्हणजे १९९५ साली 'परराष्ट्रमंत्री म्हणाले' हे वाक्य १९७९ च्या त्याच वाक्यापेक्षा कितीतरी जड आहे.

आणखी एक घर नकाशावर मांडून ठेवा: पक्षाचा परराष्ट्र व्यवहारांचा 'नेतृत्व गट'. ऐंशीच्या दशकात तो ली शियाननियन यांच्याकडे होता, मग ली पेंग यांच्याकडे, १९९८ पासून राष्ट्राध्यक्ष जियांग झेमिन यांच्याकडे. मंत्रालय प्रस्ताव पाठवणार, गट त्यावर बसणार. स्वतः डेंग या काळात राष्ट्राध्यक्ष, पंतप्रधान किंवा सरचिटणीस नव्हते. १९८७ नंतर तर पॉलिट ब्यूरोतही नव्हते. हातात होतं फक्त लष्करी आयोगाचं अध्यक्षपद. मोठ्या प्रश्नांवर अजूनही डेंगच्याच सुकाणूची गरज लागते असा पक्षाचा ठराव आहे, हे तेव्हाचे सरचिटणीस झाओ झियांग यांनी मे १९८९ मध्ये गोर्बाचेव्ह यांना सांगितलं तेव्हा कुठे ते जगासमोर आलं.

अलगुज

वाचतेय. वाचनखूण साठवली.

शिरोरेखा

मूळ प्रश्नाला जाणकार उत्तरं देतीलच. पण शीर्षकातलं 'किआन किचेन' खटकलं म्हणून आधी ते.

चिनी नावं रोमन लिपीत लिहायची जी पद्धत आहे, तिच्यातला 'क्यू' हा क नाही, छ आहे. म्हणून छ्येन छीछन. बखर_वाचक यांनी छ्याओ बरोबर लिहिलं, पण त्याच नियमाने पुढचं क्वानह्वा होतं. कारण त्या पद्धतीत ब, द, ग सारखी दिसणारी अक्षरं प्रत्यक्षात अल्पप्राण प, त, क आहेत, आणि प, त, क सारखी दिसणारी महाप्राण फ, थ, ख. (हा फ ओठ मिटून, 'फळ' मधला.) इंग्रजीत या जोड्या लिहिताना ओढाताण होते. आपल्याकडे अल्पप्राण-महाप्राण आयते वेगळे आहेत. 'डेंग' ऐकायला 'तंग'च्या जवळ आहे आणि 'बीजिंग' 'पेइचिंग'च्या.

मराठीची आणखी एक सोय हिंदीकडे नाही. 'चंद्र' मधला च आणि 'चांगला' मधला च आपण वेगळे बोलतो. माओंच्या नावातल्या 'त्से'ची सुरुवात म्हणजे नेमका 'चांगला' मधला च.

आडनाव आधी येतं हेही लक्षात ठेवावं. 'श्री. झियाओपिंग' लिहिणं म्हणजे एखाद्याला नुसतं पाळण्यातल्या नावाने हाक मारण्यासारखं. शिवाय भूमिगत काळात घेतलेली नावंच पुढे कायम झाली. हुआंग हुआ मूळचे वांग रूमेई, हाँगकाँग वाटाघाटींतले चौ नान मूळचे गाओ छिंगचोंग. जुन्या कागदांत शोधताना माणूस सापडत नाही त्याचं कारण पुष्कळदा हेच असतं.

रेशीमवाट

@शिरोरेखा, धन्यवाद. रुळलेली डेंग, बीजिंग, हुआंग हुआ ही नावं तशीच ठेवतो, यापुढे छ्येन छीछन मात्र नक्की. शीर्षक संपादित होत नाहीये, क्षमस्व.

निरगाठ

बखर_वाचक यांच्या पट्टीशी अर्धाच सहमत. पायरी खाली म्हणजे माणूस नुसता निरोप्या, हा निष्कर्ष चुकेल. उदाहरण हुआंग हुआंचंच देतो.

२५ ऑक्टोबर १९७१ ला संयुक्त राष्ट्रांच्या महासभेत चीनची जागा बीजिंगला देणारा ठराव २७५८ संमत झाला: ७६ बाजूने, ३५ विरोधात, १७ तटस्थ. छ्याओ क्वानह्वा शिष्टमंडळ घेऊन न्यूयॉर्कला गेले, त्यांचं मान मागे टाकून हसतानाचं छायाचित्र जगभर छापलं गेलं. पण तिथे कायम राहिले ते हुआंग हुआ. ८ मार्च १९७२ ला त्यांनी वसाहतींच्या प्रश्नावरच्या समितीला पत्र दिलं: हाँगकाँग आणि मकाव हे असमान करारांतून उरलेले प्रश्न आहेत, ते चीनच्या सार्वभौम अधिकारातले आहेत, सबब त्यांची नावं वसाहतींच्या यादीतून काढा. त्याच वर्षी नावं निघाली.

या पत्राची किंमत बघा. यादीत नाव असलेल्या वसाहतीला स्वयंनिर्णयाचा, म्हणजे स्वतंत्र देश होण्याचा रस्ता मोकळा असतो. नाव निघालं आणि तो रस्ता बंद झाला. ब्रिटनच्या पंतप्रधान थॅचरबाई बीजिंगला आल्या त्याच्या दहा वर्षं आधी हे होऊन गेलं होतं. धोरण वरून आलं असेल, पण योग्य समिती, योग्य वेळ आणि मोजकी वाक्यं हे मंत्रालयाचं काम. त्याला निरोप पोचवणं म्हणत नाहीत.

बखर_वाचक

@निरगाठ, 'निरोप्या' हा शब्द माझा नाही. धोरण बदलायचा अधिकार आणि धोरण अंमलात आणायचं कसब, यांत फरक करतोय एवढंच. कसबाबद्दल वादच नाही.

मोजपट्टी

हाँगकाँग निघालंच आहे तर तिथला तपशील मांडतो. 'कोणाच्या शब्दाला किती वजन' हे तिथे सर्वांत स्वच्छ दिसतं.

आधी चीनच्या बाजूची माणसं. एकाच विषयावर तीन घरं होती. (१) राज्य परिषदेचं, म्हणजे चिनी मंत्रिमंडळाचं, हाँगकाँग-मकाव कार्यालय: आधी लियाओ चेंगझी, जून १९८३ मध्ये ते वारले, मग जी पेंगफेई, १९९० पासून लू पिंग. (२) हाँगकाँगमधली शिन्हुआ शाखा. पाटी वृत्तसंस्थेची, काम पक्षाच्या स्थानिक कार्यालयाचं. १९८३ ते १९९० तिथे शू जियातुन होते, ते त्याआधी जियांगसू प्रांताचे पक्षसचिव होते. (३) परराष्ट्र मंत्रालय. टेबलावर बसायचे फक्त तिसऱ्या घरचे: आधी उपमंत्री याओ ग्वांग, जानेवारी १९८४ च्या आठव्या फेरीपासून चौ नान. म्हणजे वाटाघाटी करणारा माणूस तिघांतला एक, आणि तिघांच्या वर डेंग.

आता गाडं कसं चाललं ते.

२४ सप्टेंबर १९८२ ला थॅचर-डेंग भेट. डेंगनी पहिल्याच बैठकीत सार्वभौमत्व चर्चेच्या बाहेर ठेवलं आणि वर्ष-दोन वर्षांत चीन आपला निर्णय जाहीर करील असं सांगितलं. हीच मुदत पुढे सप्टेंबर १९८४ ठरली. तोवर करार झाला तर ठीक, नाहीतर चीन एकतर्फी घोषणा करणार. ब्रिटनच्या डोक्यावर दोन घड्याळं होती. हाँगकाँगच्या बहुतांश भूभागाचा, म्हणजे 'नव्या प्रदेशां'चा ९९ वर्षांचा भाडेपट्टा ३० जून १९९७ ला संपत होता हे पहिलं, आणि हे दुसरं. खरी घाई दुसऱ्याने केली.

जुलै १९८३ ते सप्टेंबर १९८४ औपचारिक २२ फेऱ्या झाल्या. ब्रिटनचा पहिला प्रस्ताव होता सार्वभौमत्व तुमचं, कारभार आमचा. तो चीनने ठामपणे नाकारला. जुलै १९८३ मध्ये गव्हर्नर यूड म्हणाले की ते हाँगकाँगच्या जनतेचं प्रतिनिधित्व करतात. बीजिंगने लगेच खुलासा केला की ते ब्रिटिश शिष्टमंडळाचे एक सदस्य म्हणूनच येऊ शकतात. बोलणी दोघांत आहेत, तिसरा पाय नाही. हा मुद्दा चीनने शेवटपर्यंत सोडला नाही.

प्रत्येक फेरीनंतर दोन ओळींचं संयुक्त निवेदन निघायचं. पहिल्या फेरीनंतर 'उपयुक्त आणि विधायक' अशी विशेषणं होती. बोलणी कारभाराच्या मुद्द्यावर अडकली तशी विशेषणं गळत गेली. २२-२३ सप्टेंबरच्या चौथ्या फेरीनंतर निवेदनात काहीच उरलं नव्हतं. २४ तारखेला, शनिवारी, हाँगकाँग डॉलर घसरून एका अमेरिकी डॉलरला ९.६० वर गेला, दुकानांतून तांदूळ आणि डबाबंद सामान उचललं गेलं. १७ ऑक्टोबरपासून ७.८० ला दर बांधून टाकावा लागला. ऑक्टोबरमधल्या पाचव्या फेरीत ब्रिटनने कारभाराचा हट्ट सैल केला आणि 'उपयुक्त आणि विधायक' हे शब्द परत आले.

दर्याकिनारा

दोन विशेषणांनी चलन पाडलं! हे माहीत नव्हतं. पण मग करारनाम्यात नक्की कोणी काय मान्य केलं? ब्रिटनने 'परत दिलं' असं लिहिलं असेल तर ते आधी ब्रिटनचं होतं हे चीननेही मान्य केल्यासारखं होत नाही का?

मोजपट्टी

@दर्याकिनारा, अगदी वर्मावर बोट ठेवलंत. हाँगकाँग ज्यांनी ब्रिटनकडे गेलं ते १८४२, १८६० आणि १८९८ चे तिन्ही करार चीन वैध मानत नव्हता. करारच वैध नाहीत तर सार्वभौमत्व कधी गेलंच नव्हतं, ते 'परत घेणार' कसं?

तोड अशी निघाली: एकच वाक्य दोघांनी मिळून म्हणायचंच नाही. संयुक्त जाहीरनाम्याचं कलम १ फक्त चीन बोलतो: १ जुलै १९९७ पासून सार्वभौमत्वाचा *वापर पुन्हा सुरू* करण्याचं चीन सरकारने ठरवलं आहे. कलम २ फक्त ब्रिटन बोलतो: त्याच तारखेपासून हाँगकाँग चीनला *परत* देऊ. दोन घोषणा, एक कागद, दोघांच्या सह्या. इतिहासाबद्दल कोणीच काही कबूल केलं नाही.

मुख्य मजकूर जेमतेम आठ कलमांचा. जीव परिशिष्टांत. परिशिष्ट १ मध्ये चौदा विभाग: कायदे, न्यायालयं, चलन, बंदरं, विमानसेवा, शिक्षण, सगळं. परिशिष्ट २ मध्ये संयुक्त संपर्क गट: प्रत्येक बाजूचा राजदूत दर्जाचा एक प्रमुख आणि चार सदस्य, गट १ जानेवारी २००० पर्यंत चालणार. परिशिष्ट ३ जमिनीच्या भाडेपट्ट्यांचं. त्यात १९९७ पर्यंत सरकारने वर्षाला ५० हेक्टरपेक्षा जास्त नवी जमीन द्यायची नाही (सार्वजनिक घरबांधणी वगळून), आणि मिळणारा पैसा ब्रिटिश आणि भावी सरकारने निम्मा निम्मा घ्यायचा. हे कलम नसतं तर जाणाऱ्या सरकारने जमीन विकून तिजोरी रिकामी केली, अशी बोंब झाली असती.

२६ सप्टेंबर १९८४ ला ब्रिटिश राजदूत इव्हान्स आणि चौ नान यांनी आद्याक्षरं केली. १९ डिसेंबरला थॅचर आणि तेव्हाचे चिनी पंतप्रधान झाओ झियांग यांच्या सह्या.

शिरोरेखा

शब्दांवरून आणखी एक. १९७२ च्या अमेरिका-चीन शांघाय निवेदनात तैवानबद्दल अमेरिकेचं वाक्य आहे. सामुद्रधुनीच्या दोन्ही काठांवरचे चिनी लोक चीन एकच आहे असं मानतात, याची अमेरिका 'नोंद घेते', असा त्याचा रोख. चिनी मजकुरात तिथे 'रनशी-ताओ' आहे, म्हणजे 'आम्ही हे जाणून आहोत'. संबंध प्रस्थापित करणाऱ्या निवेदनाच्या (अंमल १ जानेवारी १९७९ पासून) इंग्रजी मजकुरात क्रियापद तेच राहिलं, चिनीत मात्र 'छंगरन' आलं, म्हणजे 'आम्ही हे मान्य करतो'. मराठीत बोलायचं तर 'तुमचं म्हणणं कळलं' आणि 'तुमचं म्हणणं कबूल' यांतला फरक. अमेरिका म्हणते आम्हाला आमचा इंग्रजी मजकूर बांधील, चीन आपला चिनी मजकूर दाखवतो.

म्हणून त्या काळातल्या दुभाष्यांना दुय्यम समजू नये. जी चाओचू हार्वर्डला शिकलेले दुभाषे, पुढे ब्रिटनमध्ये राजदूत झाले. कुठलंही निवेदन वाचताना दोन्ही भाषांतली क्रियापदं शेजारी ठेवून बघावीत. विशेषणं नंतर.

उत्तरायण

रशियाची बाजू अजून कोणी घेतली नाही. छ्येन छीछन समजायचे असतील तर ते १९८२ सालात सापडतात, १९८८ नंतर नाही. त्यांची भाषा रशियन, शिक्षण १९५४ ला मॉस्कोत.

२४ मार्च १९८२ ला सोव्हिएत नेते ब्रेझनेव्ह ताश्कंदला बोलले. चीनवर टीका होतीच, पण चीन समाजवादी देश आहे आणि तैवान चीनचं आहे हेही म्हणाले. डेंगनी लगेच प्रतिक्रिया द्यायला सांगितलं. मंत्रालयात पत्रकार परिषदेसाठी खोलीच नव्हती. २६ मार्चला इमारतीच्या प्रवेशदालनात सत्तर-ऐंशी पत्रकार उभे राहिले. माहिती विभागाचे प्रमुख छ्येन छीछन मधोमध उभे, शेजारी दुभाषे ली चाओशिंग (पुढे हेही परराष्ट्रमंत्री झाले). छ्येन यांनी तीन वाक्यं वाचली. ब्रेझनेव्ह यांच्या भाषणातल्या चीन-सोव्हिएत संबंधांवरच्या भागाची आम्ही नोंद घेतली आहे. त्यातले चीनवरचे आरोप आम्ही ठामपणे फेटाळतो. आम्ही महत्त्व देतो ते सोव्हिएत संघाच्या प्रत्यक्ष कृतीला. प्रश्न नाहीत, उत्तरं नाहीत. चिनी परराष्ट्र मंत्रालयाची प्रवक्त्याची प्रथा इथून सुरू झाली.

तीन वाक्यांची रचना बघा. 'नोंद घेतली' म्हणजे दार ओढलं नाही. 'फेटाळतो' म्हणजे आम्ही मऊ झालेलो नाही. 'कृती' म्हणजे पुढचा हप्ता तुमच्याकडे.

ऑगस्टमध्ये सोव्हिएत विभागाचे प्रमुख यू होंगल्यांग मॉस्कोला गेले. दाखवायला कारण होतं दूतावासाची तपासणी. खरं काम होतं निरोप देणं, आणि हजारावर अक्षरांचा तो निरोप त्यांनी पाठ केला होता. कागद न बघता उपमंत्री इलिचोव्ह यांच्यासमोर म्हणून दाखवला. मजकुरात 'तीन अडथळे' होते: सीमेवरचं आणि मंगोलियातलं सोव्हिएत सैन्य, अफगाणिस्तान, कंबोडियातलं व्हिएतनामी सैन्य. ऑक्टोबरपासून छ्येन-इलिचोव्ह बोलणी सुरू झाली. वर्षाला दोन फेऱ्या, एक बीजिंगला एक मॉस्कोला. इलिचोव्ह म्हणायचे तिसऱ्या देशाबद्दल इथे बोलायचं नाही, छ्येन फिरून कंबोडियावरच यायचे. १९८८ पर्यंत बारा फेऱ्या, मागण्या त्याच तीन. मे १९८९ ला गोर्बाचेव्ह आले तेव्हा डेंगची सूचना होती की हस्तांदोलन करायचं, मिठी नाही.

इतकी वर्षं एकच वाक्य न वैतागता म्हणत राहणं हे मोठं कौशल्य आहे, आणि ते पुरेसं मानलं जात नाही.

दर्याकिनारा

पाठ केलेला निरोप! पूर्वीच्या दरबारी वकिलांची आठवण झाली. सुंदर प्रतिसाद.

हिमरेषा

भारताची बाजू. जून १९८१ मध्ये हुआंग हुआ दिल्लीला आले. १९६० च्या चौ एन लाय भेटीनंतरची ही पहिली मोठी चिनी भेट. इंदिरा गांधींना भेटले, नरसिंह राव तेव्हा परराष्ट्रमंत्री. दोन गोष्टी पदरात पडल्या: दरवर्षी अधिकारी पातळीवर बोलणी, आणि कैलास-मानसरोवर यात्रा त्याच वर्षी पुन्हा सुरू झाली.

डिसेंबर १९८१ ते १९८७ सीमाप्रश्नावर आठ फेऱ्या झाल्या. चीनचा प्रस्ताव डेंगनी आधीच मांडला होता: पूर्वेला (अरुणाचल) तुम्ही आहात तिथे तुम्ही, पश्चिमेला (अक्साई चीन) आम्ही आहोत तिथे आम्ही, सगळं एका गाठोड्यात. भारताला एकेका क्षेत्राचा हिशोब वेगळा हवा होता. १९८३ च्या चौथ्या फेरीत चीनने क्षेत्रवार चर्चा मान्य केली. आपल्याकडे हा विजय वाटला. १९८५ च्या सहाव्या फेरीत चीन म्हणाला, क्षेत्रवार बोलायचं तर सर्वांत मोठा वाद पूर्वेला आहे, सवलत तिथे द्या. म्हणजे जे गाठोड्यात आपल्याला आयतं मिळत होतं, तेच आता टेबलावर आलं. १९८६ ला अरुणाचलमधल्या सुमदोरोंग चू खोऱ्यात दोन्ही सैन्यं समोरासमोर ठाकली.

पुढे राजीव गांधी डिसेंबर १९८८ ला गेले, संयुक्त कार्यगट बसला. ७ सप्टेंबर १९९३ चा शांतता करार: सह्या परराष्ट्र राज्यमंत्री भाटिया आणि उपमंत्री तांग जियाशुआन. २९ नोव्हेंबर १९९६ चा करार: सह्या परराष्ट्रमंत्री गुजराल आणि छ्येन छीछन. १९९६ चे आकडे पाठ असावेत असे आहेत. ताबारेषेजवळ एक डिव्हिजन, म्हणजे सुमारे १५,००० जवानांपेक्षा मोठा सराव टाळायचा. ब्रिगेड गटाचा, म्हणजे सुमारे ५,००० चा असेल तर आधी कळवायचं. रेषेपासून २ किलोमीटरच्या आत गोळीबार, स्फोट, शिकार नाही. लढाऊ विमानं १० किलोमीटरच्या आत नाहीत.

बिघडतं कुठे? हे सगळे आकडे ताबारेषेपासून मोजायचे, आणि ती रेषा नेमकी कुठून जाते यावरच एकमत नाही. त्यासाठी कलम १० मध्ये नकाशांची देवाणघेवाण लिहिली होती. देवाणघेवाण झाली ती फक्त मध्य क्षेत्राची. मोजपट्टी आहे, पण शून्याची खूण नाही.

निरगाठ

@हिमरेषा, शेवटचा परिच्छेद पटला, मधला नाही. क्षेत्रवार बोलणी मागणं ही भारताची चूक होती असा त्याचा सूर आहे. गाठोडं स्वीकारलं असतं तर अक्साई चीनवरचा दावा सोडावा लागला असता. चीनने घेतलेली भूमी परत मिळवण्याच्या संसदेच्या १४ नोव्हेंबर १९६२ च्या ठरावानंतर कुठल्या सरकारला ते झेपलं असतं?

हिमरेषा

चूक म्हटलं नाही, किंमत सांगितली. तत्त्व आधी, तपशील मागून ही चीनची रीत हाँगकाँगच्या आणि रशियाच्या बोलण्यांत वर दिसलीच. आपण तत्त्व बाजूला ठेवून तपशिलाला हात घातला, तेव्हा चीनने तपशिलातून स्वतःचं नवं तत्त्व पुढे काढलं. १९६२ च्या ठरावाची अडचण खरी आहे, मान्य.

अलगुज

एक शंका. डॉ. कोटणीसांच्या नावाने जे सद्भावनेचे कार्यक्रम व्हायचे ते यात कुठे बसतात? ते मंत्रालयाचे की पक्षाचे?

बखर_वाचक

@अलगुजताई, दोन्हींच्या शेजारचं तिसरं दालन. परदेशांशी मैत्रीसाठीचं चिनी जनमंडळ, स्थापना १९५४. नाव जनतेचं, प्रमुख मात्र अव्वल मुत्सद्दी. सत्तरच्या दशकात तिथे वांग बिंगनान होते. १९५५ पासून जिनिव्हा आणि मग वॉर्सात अमेरिकी राजदूतांशी नऊ वर्षं समोरासमोर बसलेला हा माणूस. त्या बोलण्यांच्या एकूण १३६ बैठकी झाल्या आणि लेखी समझोता एकच निघाला, सप्टेंबर १९५५ चा, नागरिकांना मायदेशी जाऊ देण्याबद्दल. मार्च १९७८ ला हेच वांग सद्भावना शिष्टमंडळ घेऊन भारतात आले. पुढच्या फेब्रुवारीत परराष्ट्रमंत्री वाजपेयी बीजिंगला गेले. सरकारला स्वतः पाऊल टाकायचं नसतं तेव्हा आधी हे दालन उघडतं. सोलापूरच्या डॉक्टरांचं नाव तिथे मनापासूनच्या आदराने घेतलं जातं, आणि दार किलकिलं करायलाही तेच कामी येतं. दोन्ही एकाच वेळी खरं आहे.

रेशीमवाट

सगळ्यांचे आभार. मूळ प्रश्नाकडे येतो. एवढं वाचून मी आता असं बघायला लागलोय: बोलणारा पक्षात कुठल्या पायरीवर, तो विषय कुठल्या घराचा, आणि विधान लिहून आलंय की तोंडी. पण एक अडतं. छ्येन छीछन यांची पायरी वाढल्यावर त्यांना स्वतःचा निर्णय घ्यायची मोकळीक मिळाली का?

उत्तरायण

कमीच. मिळाली ती जबाबदारी. १५ जुलै १९९२ ची प्योंगयांग फेरी बघा. दक्षिण कोरियाला मान्यता द्यायचं वर ठरलं होतं. ते उत्तर कोरियाचे नेते किम इल-सुंग यांना तोंडावर सांगायचं काम छ्येन यांचं. विमानाने प्योंगयांग, तिथून हेलिकॉप्टरने किम यांच्या तळ्याकाठच्या निवासावर. जियांग झेमिन यांचा निरोप सांगितला. किम म्हणाले, आम्ही आमचा समाजवाद आमच्या बळावर उभारत राहू. चिनी शिष्टमंडळाला किम यांनी दिलेली ही सर्वांत छोटी भेट, आणि रिवाजाची मेजवानीही झाली नाही. त्याच दिवशी परत. २४ ऑगस्टला बीजिंगमध्ये दक्षिण कोरियाशी करारावर सह्या झाल्या.

असा निरोप खालच्या पायरीच्या माणसाकडून पाठवला तर तो अपमान ठरतो. पायरीचा उपयोग हा होता.

मोजपट्टी

धागा जिथून सुरू झाला तिथली एक कडी राहिली. डेंग २५ मे १९८४ ला बोलले तेव्हा बोलण्यांना चारच महिने उरले होते आणि सैन्याचा मुद्दा ब्रिटनला अजून लावून धरायचा होता. दोन माजी मंत्र्यांच्या नावाने 'सैन्य नको' छापून आलं की समोरचा ते कापून काढून पुढच्या फेरीत टेबलावर ठेवणारच. म्हणून खाजगीत कान उपटून भागणार नव्हतं, पत्रकारांसमोरच खोडणं भाग होतं.

जाहीरनाम्याच्या परिशिष्ट १ च्या बाराव्या विभागात त्याचा निकाल आहे. संरक्षणासाठी केंद्राने ठेवलेलं सैन्य हाँगकाँगच्या अंतर्गत कारभारात ढवळाढवळ करणार नाही, आणि त्याचा खर्च केंद्र सरकार सोसेल. ३० जून १९९७ ला रात्री नऊ वाजता ५०९ जणांची आगाऊ तुकडी हद्द ओलांडून आत आली. मुख्य दल, सुमारे ४,०००, दुसऱ्या दिवशी सकाळी सहाला, पावसात.